परातीचं राज्य आणि शेवंतीचं झुडूप

एक बाग होती. आटपाट वगैरे नव्हती. निफाडच्या बाजूला साडेपाच गुंठ्यांची होती, आणि त्यातलाही अर्धा गुंठा शेजाऱ्यानं कुंपण सरकवून घेतलेला. बागेत एक चिकू, एक शेवगा, मधोमध हिरवळ आणि हिरवळीच्या कडेला पिवळ्या शेवंतीचा वाफा. चिकूच्या आडव्या फांदीला तीन साखळ्यांनी एक जुनी पितळी परात टांगलेली असायची. हिवाळा लागला की बंगल्यातल्या मालुंजकरबाई, शाळेतून निवृत्त झालेल्या, रोज सकाळी त्या परातीत बाजरी आणि तांदळाची कणी ओतायच्या आणि खिडकीआड दुर्बीण लावून बसायच्या. बाईंना वाटायचं, आपण पक्षी बघतोय. पक्ष्यांना वाटायचं, आपलं राज्य चाललंय. दोघंही आपापल्या जागी सुखी होते.

निफाडची थंडी म्हणजे काही गंमत नाही. तिथले बागायतदार पहाटे द्राक्षांसाठी शेकोट्या पेटवतात. द्राक्षांना ऊब मिळते हो, पाखरांना कोण विचारतो? पौष महिन्यात किडे जमिनीत खोल दडी मारतात, गवताचं बी संपतं, आणि सकाळी पोटात चार दाणे गेले नाहीत तर दुसरी सकाळ दिसत नाही. त्यामुळे परात म्हणजे जीव, एवढं राज्यातल्या पिल्लालाही ठाऊक होतं.

या राज्यात सातभाई राहायचे. नाव सातभाई, पण त्यांत बहिणी तीन. नाव ठेवणाऱ्यांनी बहिणींना विचारलं नव्हतं. मातकट रंग, पिवळे डोळे, दिसायला अगदी साधे, आणि बोलायला लागले की मासळीबाजार. पण त्यांच्यात एक रीत होती. सहा जण खाली दाणे टिपायचे आणि सातवा शेवग्याच्या शेंड्यावर बसून पहारा द्यायचा. धोका दिसला की वरून ओरडायचं, "चर्र! चर्र!" आणि खालच्यांनी मान वर न करता उडायचं. पहाऱ्याला जायचं कुणी? ज्याचं पोट आधी भरलं त्यानं. हा कायदा कुठं लिहिलेला नव्हता, म्हणून नीट पाळला जायचा.

आमची ठकू ही त्यातली मधली बहीण. खायची थोडं, बघायची फार. त्यामुळे पहाऱ्यावर बहुतेक वेळा तीच असायची, आणि तिची "चर्र" ऐकून नुसते सातभाईच नाही, चिमण्या, होले, बुलबुल, सगळी बाग उडायची. कुणी कधी आभार मानले नाहीत, आणि ठकूलाही कधी ते सुचलं नाही.

आता घुमेराव पारवे राजे कसे झाले ते ऐका.

घुमेराव न्हाणीघराच्या झरोक्यात राहायचे. झरोका स्वयंपाकघराला लागून. बाईंनी बाजरीच्या पत्र्याच्या डब्याचं झाकण काढलं की टण्ण असा आवाज व्हायचा, आणि तो साऱ्या बागेत फक्त घुमेरावांना ऐकू जायचा. ते लगेच उडत यायचे, परातीच्या काठावर बसायचे आणि गळा फुगवून घुमायला लागायचे. दोन मिनिटांत बाई येऊन दाणे ओतायच्या. पाखरांनी हे एक दिवस पाहिलं, आठ दिवस पाहिलं. घुमेराव बसतात, दाणे येतात. एकदाही चूक नाही.

"हेच आणतात वाटतं," एक चिमणी हळूच म्हणाली.

ते घुमेरावांच्या कानावर पडलं. आधी त्यांना हसू आलं. मग त्यांनी थोडा विचार केला, आणि हसू गेलं.

पहिल्याच सभेत त्यांनी परातीच्या काठावरून विचारलं, "माझ्या पाखरांनो! मी बसण्याआधी परातीत काय होतं?"

"काही नाही!"

"आणि मी बसल्यावर?"

"बाजरी!"

"नुसती बाजरी?"

"कणीसुद्धा!"

झालं. 'घुमेराव बसले, दाणे बरसले!' अशी घोषणा चिकूपासून शेवग्यापर्यंत दुमदुमली आणि घुमेरावांना दाणासम्राट ही पदवी देण्यात आली. ती देण्याची सूचना त्यांचीच होती, अनुमोदन त्यांच्या मेव्हण्याचं.

कारभार बघायला लालबुडे बुलबुल होते. डोक्यावर तुरा, शेपटीखाली लाल ठिपका, आणि वाणी अशी गोड की शिवी दिली तरी समोरच्यानं धन्यवाद म्हणावं. ते राज्याचे सरचिटणीस होते, प्रवक्ते होते आणि परातीच्या पूर्वेकडच्या काठाचे पालकमंत्रीही होते. त्यांनी पहिल्याच आठवड्यात नवी व्यवस्था लावली. परातीत बसतील ते घुमेराव आणि त्यांचे नातेवाईक. आता पारव्यांना नातेवाईक किती असतात हे ज्यानं आपल्या गॅलरीत पाहिलंय त्याला सांगायला नको. चुलत आले, मावस आले, नुसते ओळखीचे आले. त्यांच्या झटापटीत जे दाणे खाली हिरवळीवर सांडत त्याला 'जनकल्याण योजना' म्हणायचं ठरलं. बाकीची पाखरं हिरवळीवर उतरून ती योजना टिपू लागली.

पूर्वी सगळे वर, परातीत खायचे. आता सगळे खाली. आणि खालची बातमी शेजारच्या बोक्याला लागली.

शेजाऱ्याचा बोका पिवळा होता, म्हणजे अगदी शेवंतीसारखा पिवळा. तो कुंपणाखालून आला आणि वाफ्यात जाऊन बसला. बोका काही बोलला नाही. त्याला भाषणाची गरजच नव्हती.

ठकूनं वरून पाहिलं आणि ओरडली, "चर्र! चर्र! बोकाऽऽ!"

भुर्रकन सगळी बाग उडाली. नेमकं त्याच वेळी घुमेरावांचं 'माझ्या काळातली सुरक्षितता' या विषयावर भाषण चालू होतं. पन्नास पारवे एकदम उडाल्यामुळे परात कलंडली आणि दाणासम्राट स्वतः दाण्यांसकट खाली आले. त्यांना लागलं काही नाही. पण चिमण्या हसल्या, आणि ते त्यांना फार लागलं.

दुपारी लालबुड्यांनी हुकूम वाचून दाखवला. "राज्यात बोका नाही. शेवंतीच्या वाफ्यात जे पिवळं दिसतं, ते शेवंतीचं झुडूप आहे. काही समाजकंटक विचारतात, झुडपाला शेपटी कशी? तर ती फांदी आहे. हलते कशी? वाऱ्यानं. यापुढे बोका हा शब्द उच्चारून जो कोणी घबराट पसरवील, त्याच्या सगळ्या कुळाला हिरवळीवर बंदी."

सातभाईंतला थोरला अण्णा, त्यानं संध्याकाळी ठकूला बाजूला घेतलं. "ठकू, बाई, जरा तोंड आवर."

"अण्णा, अरे त्या झुडपानं मघाशी जांभई दिली."

"देऊ दे. थंडीचे वीस दिवस काढायचेत. बंदी आली तर सातही जण कुडकुडून मरू."

"आणि बोक्यानं धरलं तर?"

"तर एक मरेल," अण्णा म्हणाला.

त्याचा हिशोब चुकलेला नव्हता. म्हणून तर ठकूला जास्त राग आला. ती रात्रभर त्याच्याकडे पाठ करून बसली. पण थंडी इतकी होती की पाठ मात्र त्याला टेकवूनच.

दुसऱ्या दिवशी ठकू शेवग्यावर होती. खाली तिचे सहा जण टिपत होते, आणि वाफ्याच्या अगदी कडेला चिमाबाई नावाची म्हातारी चिमणी एकटीच एका कणीशी झटत होती. झुडूप सरकलं. पोट जमिनीला लावून, एक पाय, मग दुसरा पाय. ठकूनं चोच उघडली. तिला आपले सहा दिसले, त्यांच्यावरची बंदी दिसली, आणि तिनं चोच मिटली.

तेवढा वेळ झुडपाला पुरेसा होता.

ती हाक ठकूच्या घशात तशीच अडकून राहिली. त्या दिवशी तिला दाणा गिळवेना. चिमाबाई तिची कुणी नव्हती, दोघींचं कधी पटलंही नव्हतं, पण मेलीनं वर शेवग्याकडे बघूनच दाण्याला तोंड लावलं होतं, आणि ठकूनं ते पाहिलं होतं.

संध्याकाळी लालबुड्यांनी निवेदन केलं. "चिमाबाई स्थलांतर करून हिमालयात गेल्या आहेत. राज्याच्या वतीनं त्यांना शुभेच्छा."

"पण वाफ्यात त्यांची पिसं पडलीत," कोणीतरी मागून म्हणालं.

"लांबच्या प्रवासाला निघताना जड सामान मागेच ठेवतात," लालबुडे म्हणाले.

चिमाबाई जन्मात कधी कुंपणापलीकडे गेल्या नव्हत्या. त्यांना पाणंदीचीसुद्धा भीती वाटायची. पण थंडीत पाखरं स्थलांतर करतात हे सगळ्यांना माहीत होतं, आणि अर्धं माहीत असलेल्या गोष्टीवर विश्वास ठेवायला सोपं जातं. सगळ्यांनी माना डोलावल्या.

हिरवळीवर दर हिवाळ्यात एक धोबी यायचा. धोबी म्हणजे तो शेपटी सारखी वरखाली आपटणारा पांढरा-करडा पाहुणा, खरोखर हिमालयातून येणारा. ठकू त्याच्याकडे गेली. "धोबीदादा, तुम्ही तिकडचेच. आमची चिमाबाई वाटेत कुठं भेटली का हो?"

"वेड लागलं का तुम्हाला?" धोबी म्हणाला, आणि त्याचा आवाज होता खणखणीत. "बाई, थंडीत तिकडून सगळे इकडे येतात. इकडून तिकडं कोण जाईल? तिकडं डोक्याएवढा बर्फ आहे!"

दाणे टिपणाऱ्यांच्या माना वर झाल्या. लालबुडे तुरा उभारून धावत आले. "बाहेरच्यांनी आमच्या बागेबद्दल बोलू नये."

"मी बागेबद्दल कुठं बोललो? मी हिमालयाबद्दल बोलतोय."

"हिमालयाबद्दल तर बाहेरच्यांनी मुळीच बोलू नये!" लालबुडे कडाडले, आणि टाळ्या पडल्या. धोब्यानं एकदा सगळ्यांकडे पाहिलं, शेपटी आपटली आणि तो शेजारच्या कांद्याच्या शेतात निघून गेला.

त्या आठवड्यात स्थलांतर वाढलं. दोन होले गेले, एक दयाळ गेला, चिमण्यांची तर रीघच लागली. जनतेत प्रवासाची गोडी निर्माण केल्याबद्दल घुमेरावांचा सत्कार झाला. झुडूप मात्र चांगलं बाळसं धरू लागलं. लालबुडे म्हणाले, खत मानवलं.

ठकू सगळं बघत होती. सहा होते, रोज मोजून सहा होते, म्हणून गप्प बसत होती. गप्प बसून बसून तिचा गळा दुखायला लागला.

खिडकीतल्या मालुंजकरबाईंना यातलं काही दिसलं नाही, असं कसं, तुम्ही विचाराल. अहो, दुर्बिणीचं तेच तर आहे. ती ज्याच्यावर रोखली त्याच्या पिसाची कड न् कड दिसते. त्याच्या शेजारी काय चाललंय ते दिसत नाही. बाईंची दुर्बीण परातीवर होती, आणि घुमेरावांना ते पक्कं ठाऊक होतं. ते हल्ली खातानासुद्धा डाव्या बाजूनं खायचे. ती बाजू चांगली दिसते असं कुणीतरी त्यांना सांगितलं होतं.

मग निवडणूक जवळ आली, आणि घुमेरावांनी दाणेमहोत्सव जाहीर केला. हुकूम निघाला: सगळ्यांनी हिरवळीवर रांगेत बसायचं, तोंड दुर्बिणीकडे, पाठ कुठंही. झाडावर कोणी बसायचं नाही. झाडावर बसणं म्हणजे राजावर अविश्वास. आधी सगळ्यांना पोटभर दाणे, मग भाषण, आणि भाषणानंतर शेवंतीच्या झुडपाचं लोकार्पण.

"कशाचं?" ठकूनं विचारलं.

"झुडपाचं," अण्णा म्हणाला. "स्वतः महाराज झुडपाच्या सावलीत उभे राहणार आहेत. विरोधकांची तोंडं बंद करायला. आपल्याला पहिल्या रांगेत मान आहे, अगदी झुडपाशेजारी."

"अण्णा!"

"शिस्तीत वागल्याबद्दल मिळालाय," अण्णा म्हणाला, पण त्याचा आवाज बारीक झाला होता.

महोत्सवाच्या दिवशी थंडीनं कहर केला. गवतावरचं दव गोठलं होतं. दाण्यांच्या वासानं सगळी बाग उतरली, रांगा लागल्या. वर्षातून एकदा का होईना, सगळ्यांना खरोखर पोटभर मिळालं. ठकूही खात होती. सहा दाणे, सात दाणे, दहा. आणि मग तिचं पोट भरलं.

पोट भरलं की काय करायचं हे सातभाईच्या जातीला सांगावं लागत नाही. भाषण सुरू झालं, सगळ्यांच्या माना परातीकडे वळल्या, आणि ठकूचे पंख तिला न विचारता शेवग्याच्या शेंड्यावर घेऊन गेले. तिथून तिनं खाली पाहिलं. सगळं राज्य, अख्खंच्या अख्खं, जमिनीवर. पहिल्या रांगेत तिचे सहा. त्यांच्यापुढे दोन पावलांवर शेवंती, आणि शेवंतीत दोन हिरवे डोळे.

घुमेराव परातीतून उतरले आणि डुलत डुलत वाफ्याकडे चालत गेले. "विरोधक म्हणतात, हा बोका आहे! मी विचारतो, कुठाय बोका? बघा, मी त्याला पाठ दाखवून उभा आहे!"

टाळ्यांचा कडकडाट झाला. बोका आयुष्यात प्रथमच गोंधळला असावा. आजवर त्याच्याकडे जेवण असं स्वतः चालत आलं नव्हतं, आणि आलं तरी भाषण करत नव्हतं. त्यानं मागचे पाय गोळा केले.

ठकूला सगळं कळत होतं. गप्प बसलं तर घुमेरावांचं स्थलांतर होईल आणि बागेचा प्रश्न परस्पर सुटेल. मनात आलं नाही असं नाही, चांगलं आलं. पण झेप चुकली तर पंजा अण्णावर पडेल. आणि खरं सांगायचं तर एवढा विचार तिनं नंतर केला. त्या क्षणी तिला फक्त चिमाबाईची वर वळलेली मान आठवली. आठ दिवस घशात अडकलेली हाक एकदम सुटली.

"चर्रऽऽ! चर्रऽऽ! बोकाऽऽ! बोकाऽऽ!"

बोका नाही हे ज्यांनी हात, म्हणजे पंख, वर करून मान्य केलं होतं, ते सगळे एका निमिषात उडाले. लालबुडे सर्वांत आधी. पंखांना हुकूम वाचता येत नाहीत, ही त्यातली चांगली गोष्ट. घुमेरावही उडाले, पण त्यांना स्वतःचं वजन उचलायला जरा वेळ लागला. बोक्याच्या तोंडात त्यांची शेपटी राहिली, अख्खी.

बाकी कोणालाही साधा ओरखडा नाही. ठकूनं मोजले. सहा, आणि आपण सात. तिला रडू आलं आणि हसूही आलं, आणि कितीतरी दिवसांनी घसा मोकळा झाला.

तासाभरात चौकशी समितीचा अहवाल तयार होता. झुडपाचा काटा लागून महाराजांची शेपटी गेली. काटेरी झुडपाबद्दल मागच्या राजवटीची चौकशी व्हावी. ठकूनं मात्र बंदी असलेला शब्द दोनदा उच्चारला, सबब सातभाईंना हिरवळ बंद.

"बघितलंस?" अण्णा म्हणाला. मग दुसरीकडे बघत, "बरं केलंस."

दुसऱ्या दिवशी सातही जण शेवग्यावर अंगाला अंग लावून उपाशी बसले होते. घुमेरावांना शेपटीशिवाय धड उडता येत नव्हतं. ते झरोक्यातच होते. परातीचा काठ रिकामा. आणि बाई आल्या, बाजरी ओतली, कणी ओतली, निघून गेल्या.

ठकू अक्षरशः नाचायला लागली. "अण्णा, बघ! सगळ्यांनी बघा! ते बसले नाहीत, तरी दाणे आले! त्यांचा काही संबंधच नाही!"

सगळी बाग चकित होऊन परातीकडे बघत राहिली. सर्वांत म्हातारा होला गहिवरून म्हणाला, "खरंच की. न बसता आणले. केवढी ही शक्ती!"

"घुमेराव न बसले, तरीसुद्धा बरसले!" चिमण्यांनी घोषणा दिली.

ठकूनं कपाळावर पंख मारून घेतला.

पण गंमत पुढंच आहे. नातेवाईकांच्या झटापटीत सांडलेले दाणे खाली होते, भूक होती, घोषणाही झाली होती, आणि हिरवळीवर उतरत कोणीच नव्हतं. वाफ्यात झुडूप होतं. प्रत्येक जण शेजाऱ्याला म्हणत होता, "आधी तुम्ही." अर्धा तास गेला. शेवटी लालबुडे शेवग्यावर आले आणि ठकूपासून जरा अंतर राखून बसले.

"ठकूताई, बंदी हिरवळीवर आहे. शेवग्यावर बसायला शासनाची हरकत नाही."

"आणि माझे सहा? ते काय खातील?"

लालबुड्यांनी तुरा खाजवला. "ते उतरले तर शासन त्या वेळेला दुसरीकडे बघत असेल."

"आणि बोका दिसला तर?"

"तो शब्द नको हो! नुसतं चर्र म्हणा. चर्रला कायद्यात काही अर्थ नाही."

ठकूनं त्यांच्याकडे टक लावून पाहिलं. मग खालच्या फांदीवर अण्णाकडे पाहिलं. त्याचं पोट खपाटीला गेलं होतं. "चर्र तर चर्र," ती म्हणाली. सहा जण उतरले, आणि त्यांच्या मागोमाग सगळी बाग.

त्या दिवशी बाईंनी वहीत नोंद केली, 'सातभाई, सात.' खाली लिहिलं, 'शेजारच्यांचा बोका फार माजलाय, सांगायला हवं.' पण शेजाऱ्याशी अर्ध्या गुंठ्यावरून बोलणं बंद होतं, त्यामुळे ते राहून गेलं.

पंधरा दिवसांनी निवडणूक झाली. घुमेराव एकमतानं निवडून आले. मत देऊन सगळे दाणे टिपायला उतरले, आणि उतरण्याआधी प्रत्येकानं मान वाकडी करून शेवग्याच्या शेंड्याकडे बघून घेतलं, ठकू जागेवर आहे ना.

ठकूनं वरून एकदा हाक मारली, "अहो, महाराज! आमच्यात रीत आहे, पोट भरलेल्यानं पहाऱ्याला यायचं. तुमच्यातलं कोणी येतंय का?"

"येणार, येणार!" परातीतून घुमेराव अर्धवट फुटलेली शेपटी सावरत तोंडभर बाजरीनं म्हणाले. "मी स्वतः येणार. एवढं पोट भरू द्या."

त्यांचं जेवण अजून चालू आहे.